राजीची सही

"परत रडल्या," राजी माझ्या कानाशी म्हणाली.

सातवा टेक होता. दुधगावच्या वाचनालयाची वरची खोली आम्ही रजिस्टर ऑफिस म्हणून सजवली होती. भिंतीला पोपटी रंग, दोन लोखंडी कपाटं, टेबलावर शाईचं पॅड, आणि कारकुनाच्या खुर्चीत खरंच निवृत्त कारकून असलेले पाटणे. त्यांच्या समोर इंदुताई सूर्यवंशी. इस्लामपूरच्या हौशी नाटकांत तीस वर्षं कामं केलेल्या बाई. बहिणीनं भावाच्या नावे कागदावर सही करायची, एवढाच शॉट. पण पेन हातात घेतलं की इंदुताईंचा हात थरथरायचा, डोळे भरायचे, आणि शेवटच्या अक्षराला एक थेंब बरोबर कागदावर पडायचा. युनिटची मंडळी हळहळायची. मलाही, खोटं कशाला बोलू, तो थेंब आवडला होता.

"कट," मी म्हणालो आणि सवयीनं राजीकडे पाहिलं.

ही आमची कामाची रीत होती. ओरडायचं काम माझं. ॲक्शन, कट, लाइट हलवा, कोण तो खोकतोय, सगळं मी. राजी मॉनिटरशेजारी स्टुलावर वही घेऊन बसायची. शॉट संपला की मी तिच्याकडे बघायचो. तिनं पेन्सिल केसात खोचली की ओके. बोटांत तशीच धरून ठेवली की परत घ्यायचा. तिची पेन्सिल केसात गेल्याशिवाय मी आयुष्यात एक शॉट ओके केला नव्हता, आणि हे आमच्या दोघांशिवाय युनिटमध्ये कुणाला ठाऊक नव्हतं. लोकांना वाटायचं, भरतेश मगदूमला कॅमेऱ्यातलं फार कळतं.

राजी म्हणजे राजमती, माझी धाकटी बहीण. आम्ही लग्नाच्या शूटिंगपासून एकत्र. सांगली-मिरजेतली शेकडो लग्नं मी शूट केली आणि त्यांचं मिक्सिंग, म्हणजे कापून जोडायचं काम, तिनं केलं. लग्नाच्या कॅसेटमध्ये गोष्ट असते हे तिनं मला शिकवलं. नवरीच्या बापाचा चेहरा ती अक्षतांच्या आधी लावायची, नंतर नाही. मग आम्ही तीन छोट्या फिल्म केल्या. आणि मग हा मोठा सिनेमा, 'उत्तरेस ओढा'. जमिनीच्या कागदात चारी बाजूंच्या हद्दी लिहितात ना, पूर्वेस अमुक, पश्चिमेस तमुक, त्यातलं हे नाव. तेही राजीनंच काढलं होतं.

विषय हक्कसोडीचा. कायद्यानं बापाच्या जमिनीत लेकीला वाटा आहे, पण आमच्या भागात बहीण एक दिवस रजिस्टर ऑफिसात जाते आणि मला काही नको म्हणून लिहून देते. भाऊ तिला साडी घेतो. घरोघरी हेच. त्यात सिनेमा कसला, असं मलाही पहिल्यांदा वाटलं होतं.

राजीची पेन्सिल बोटांतच होती. ती उठून इंदुताईंशेजारी जाऊन बसली.

"ताई, तुम्ही आज खूश आहात."

"खूश? अगं बाई, जमीन चाललीय माझी."

"चालली कुठं, तुम्ही देताय. आणि सकाळपासून सगळ्यांचं लक्ष तुमच्याकडं आहे. एरवी भावानं कधी विचारलं नव्हतं चहा घेणार का म्हणून. आज तीनदा विचारलंय. ऊन लागेल म्हणून जीप आणलीय. कारकून तुम्हाला बाईसाहेब म्हणालाय. आयुष्यात पहिल्यांदा तुमच्या सहीवाचून कुणाचं तरी अडलंय. रडाल कशाला?"

इंदुताईंनी पेन टेबलावर ठेवलं.

"आमची आई अशीच गेली होती," राजी म्हणाली. "मी दहा वर्षांची होते, तिच्याबरोबर आत बसले होते. सही करायच्या आधी तिनं कारकुनाला विचारलं, पूर्ण नाव लिहू का नुसतं? चौथी शिकलेली. महिनाभर माझ्या वहीच्या मागच्या पानावर सही गिरवत होती. लिहून झाल्यावर कागद जरा लांब धरला आणि म्हणाली, बरी आलीय की! आणि हसली. मामा हसला, कारकून हसला, सगळे हसले."

मला यातलं काहीएक माहीत नव्हतं. त्या दिवशी मीही गेलो होतो, पण बाहेर उसाच्या रसाच्या गाड्यावर. मामानं मला दोन ग्लास पाजले होते आणि मला वाटलं होतं, काय मस्त दिवस आहे.

आठव्या टेकला इंदुताईंनी पदर नीट केला, जीभ दातात धरून सावकाश सही केली, कागद लांब धरला आणि म्हणाल्या, "बरी आलीय की!" आणि अशा काही हसल्या की पाटण्यांना पुढचं वाक्यच आठवेना. म्हातारा चष्मा काढून पुसायला लागला. मी कट म्हणायचं विसरलो. वळून पाहिलं तर राजीची पेन्सिल केसात.

सिनेमाबद्दल पुढं जे काही चांगलं छापून आलं, ते सगळं त्या चाळीस सेकंदांबद्दल. हे तुम्हाला सुचलं कसं, असं मला किती जणांनी विचारलं असेल. मी म्हणायचो, "आमच्या आईवरून." खोटं नव्हतं ते. पण खरंही नव्हतं.

शूटिंग संपलं आणि एडिटिंग राजीच्या सासरी सुरू झालं. सांगलीत गावभागात तिचं घर. नवरा अभिनंदन उपाध्ये, बेदाण्याचा व्यापार, मनानं राजा माणूस. त्यानं माडीवरची बेदाण्याची खोली रिकामी करून दिली आणि राजीचा कॉम्प्युटर तिथं बसवला. खोलीला सहा महिने बेदाण्याचा वास येत होता. खाली तिच्या सासूबाई, त्यांना सगळे आक्का म्हणत, दिवसभर जिन्यातून ओरडायच्या, "अगं, ते 'बरी आलीय की' बंद करा आता, कान किटले माझे!" राजीची पूर्वा तेव्हा तीन वर्षांची. ती दुडुदुडु येऊन मांडीवर बसायची आणि राजी एका हातानं तिला थोपटत दुसऱ्या हातानं शॉट कापायची. मी शेजारी खुर्ची टाकून बसायचो आणि भांडायचो. आम्ही भांडायचो खूप! एकदा एका शॉटवरून दोन दिवस अबोला होता, तिसऱ्या दिवशी तिनं तो शॉट कापूनच टाकला आणि दोघांना बरं वाटलं.

शेवटी तिनं नावांची पाटी केली. काळ्या पडद्यावर पांढरी अक्षरं. 'लेखन-दिग्दर्शन : राजमती मगदूम, भरतेश मगदूम.'

"माझं दुसरं होय गं?" मी म्हणालो.

"तुझं पहिलं लावलं तर लोकांना वाटेल, बहिणीला कौतुकानं चिकटवलंय. माझं पहिलं लावलं की विचारतील तरी, ही कोण बाई."

"आणि उपाध्ये का नाही लावलंस?"

"हे काम माहेरचं आहे," ती म्हणाली.

असं सगळं होतं. आता दिवाणांकडे येतो.

किरण दिवाण पुण्याचे निर्माते. त्यांनी सिनेमा पाहिला आणि पुढचं सगळं करायला तयार झाले. आवाजाचं काम नीट करून घ्यायचं, थेटरात लावायचा, स्पर्धांना पाठवायचा. आमच्यासारख्यांना असा माणूस भेटणं म्हणजे देव भेटल्यासारखं होतं. डबे घरात पडून राहिलेल्या सिनेमावाल्यांची यादी मला तोंडपाठ होती. त्यांच्या ऑफिसात चहा आला, आणि चहाबरोबर अटही आली.

"दिग्दर्शक एक पाहिजे, मगदूम."

"आम्ही दोघांनी केलाय, साहेब."

"असेल की. पण पेपरवाल्यांना एक चेहरा लागतो. दुधगावचा शेतकऱ्याचा मुलगा, लग्नाचं शूटिंग करता करता सिनेमा काढतो. ही बातमी आहे. दोन नावं आली की बातमी विस्कटते. आणि पदार्पणाच्या बक्षिसांना एकाच दिग्दर्शकाचं नाव घेतात. बहिणीचं नाव संकलनात मोठ्या अक्षरांत देऊ. मी कुठं नाही म्हणतोय?"

मी वाद घातला. घातला हे सांगायला बरं वाटतं, म्हणून सांगतो. समोरच्या भिंतीवर घड्याळ होतं, त्यामुळे किती वेळ घातला तेही माहीत आहे. चार मिनिटं.

त्यांनी ड्रॉवरमधून कागद काढला. राजीनं लिहून द्यायचं होतं, की या चित्रपटाच्या लेखन-दिग्दर्शनावर तिचा कुठलाही हक्क नाही आणि पुढे सांगणार नाही, हे ती स्वखुशीनं लिहून देते आहे.

"घरचाच मामला आहे," दिवाण म्हणाले. "पण कागद असलेला बरा."

कागद घेऊन मी बाहेर पडलो. बसला दोन तास होते. लक्ष्मी रोडवरून चालताना एका दुकानाच्या काचेत मोरपंखी इरकल साडी दिसली. राजीला तो रंग फार आवडायचा. सिनेमा लागेल तेव्हा नेसायला होईल असं वाटलं, म्हणून घेतली. शपथेवर सांगतो, मनात दुसरं काही नव्हतं. दोन वर्षं ज्या गोष्टीवर सिनेमा केला, तीच गोष्ट मी पिशवीत घालून सांगलीच्या बसमध्ये बसलो, आणि मला कळलं नाही. इस्लामपूरपर्यंत झोप लागली होती छान.

दुसऱ्या दिवशी दुपारी तीनला राजीकडे पोहोचलो. राजी स्वयंपाकघरात खाली बसून घेवडा निवडत होती. आक्का दाराशी पाटावर. मी साडी दिली. राजीनं ती उलगडून खांद्यावर टाकली, आरशात जाऊन आली.

"अगंबाई! भारीतली दिसतीय. कशाला रे एवढी?"

"सिनेमा लागतोय ना आपला. दिवाण हो म्हणाले."

ती किंचाळलीच. पूर्वा उठली झोपेतून. राजीनं तिला उचललं, गरागरा फिरवलं, "मामाचा सिनेमा लागणार, आईचा सिनेमा लागणार!" म्हणून नाचवलं. मी राजीला खाली बसू दिलं आणि मग सांगितलं. एक चेहरा, बातमी, पदार्पणाचं बक्षीस. सांगताना दिवाणांचीच वाक्यं माझ्या तोंडून येत होती आणि बरी वाटत होती.

ती ऐकत होती. घेवड्याची एक शेंग हातात होती, ती तिनं मोडली, शीर काढली, टोपलीत टाकली.

"म्हणजे माझं नाव नाही."

"आहे की! संकलनात आहे. एकटीचं. मोठ्या अक्षरांत."

"आणि नाही म्हटलं तर?"

"नाही म्हटलं तर डबा तुझ्या माडीवर. दुसरं काय?" मी म्हणालो. मग जरा मऊ होऊन म्हणालो, "राजी, एकदा हा लागू दे. एकदा माझं नाव झालं की पुढं कोण अडवतंय आपल्याला? पुढं सगळं आपल्या मनासारखं."

"पुढचा सिनेमा विहिरीचा घ्यायचा ना? तू म्हणाला होतास. मी लिहायला घेऊ?"

"घे की."

"नक्की?"

"अगं, घे म्हणतोय ना!"

"आण कागद."

"वाच तरी आधी."

"तू वाचलायस ना? मग झालं."

ओट्यावर ताट पालथं घालून त्यावर तिनं कागद ठेवला. पेन माझंच. सही करायला लागली तशा आक्का पाटावरून म्हणाल्या, "भावानं साडी आणली, बहिणीनं सही केली! कसली गं ही, हक्कसोड का काय?" आणि स्वतःच्याच विनोदावर खो खो हसत सुटल्या.

राजीनं सही पूर्ण केली. कागद लांब धरला. "बरी आलीय की!" हुबेहूब इंदुताईंच्या सुरात म्हणाली, आणि हसली. आक्का हसल्या, पूर्वा कारण नसताना हसली. आणि मी, दिग्दर्शक भरतेश मगदूम, मीपण पोट धरून हसलो. समोर आठवा टेक चालला होता, आणि मला दिसला नाही. जेवूनच गेलो. घेवड्याची भाजी झाली होती.

सिनेमा लागला. बक्षीस मिळालं, पदार्पणाचंच. मंचावर मी आईवडिलांचे, दिवाणसाहेबांचे, दुधगावकरांचे आभार मानले आणि म्हणालो, "माझी बहीण राजमती हिनं मला फार मदत केली." मदत! तिसऱ्या रांगेत ती मोरपंखी साडी नेसून बसली होती आणि सगळ्यांत जोरात टाळ्या तीच वाजवत होती.

तिचा फोन महिन्याभरानं आला. "दादा, विहिरीची वीस पानं झालीयत. कधी येतोस?"

"येतो गं. जरा धावपळ आहे."

दोन महिन्यांनी परत आला. तेव्हा मी मुंबईत होतो. दिवाणांनी पुढचा सिनेमा ठरवला होता. विषय त्यांचा, लेखक त्यांचा, एडिटर त्यांच्या नेहमीचा.

"राजी, हा जरा वेगळा आहे. हा त्यांचा आहे. तुझा याच्या पुढचा करू."

"बरं," ती म्हणाली. "एडिटिंगला तरी येऊ का? अभिनंदन म्हणालेत, महिनाभर जा म्हणून. पूर्वाला आक्का बघतील."

"इथं सगळं स्टुडिओत असतं गं. युनियनची माणसं असतात. तू कुठं त्यात..."

"बरं बरं. जेवलास का?"

तो सिनेमा पडला. सेटवर मी कट म्हणायचो आणि मान वळायची. स्टुलावर कुणीतरी बाई मोबाईल बघत बसलेली असायची. तिसरा सिनेमा त्याहून पडला. मग मालिकांचे भाग केले, संस्थांच्या माहितीपटांची कामं केली. पोट भरलं. राजीकडे सणावाराला जायचो, ती वाढायची, मी जेवायचो. विहिरीचं तिनं परत काढलं नाही, मीही नाही. ती शाळांच्या गॅदरिंगच्या सीडी करून द्यायची म्हणे काही वर्षं. मग तेही थांबलं. माडीवर परत बेदाणा आला. ती माझ्याशी वाईट कधीच बोलली नाही. पण आधी भांडायची ती बाई आता माझ्या प्रत्येक वाक्याला "बरं" म्हणायची. मी मनाशी धरून चाललो होतो, की नाव गेलं त्याचा राग आहे. राग रास्तच होता. कधीतरी भरपाई करू, असं म्हणत सोळा वर्षं काढली.

मागच्या वर्षी कोल्हापूरच्या एका फिल्म सोसायटीचं पत्र आलं. 'उत्तरेस ओढा'ची स्वच्छ प्रत करून दाखवायची होती. पाटीवरच्या नावांत काही दुरुस्ती असेल तर कळवा, असं खाली लिहिलं होतं. दिवाण वारले होते. सिनेमाचे हक्क माझ्याकडे आले होते. पत्र वाचून मी त्याच दिवशी वकिलाकडे गेलो, नवा कागद करून घेतला. लेखन-दिग्दर्शन, राजमती मगदूम, भरतेश मगदूम. दोघांची संमती, दोघांच्या सह्या. या वेळी साडी घेतली नाही. एवढी अक्कल आली होती.

राजी सोप्यात परातीत नमुन्याचे बेदाणे निवडत बसली होती. पूर्वा शिकायला पुण्याला, आक्का जाऊन पाच वर्षं झालेली. मी कागद पुढं केला. छाती भरून आली होती माझी.

"राजी, तुझं नाव परत लावतोय. पहिलं. होतं तसं."

तिनं हात पदराला पुसले, चष्मा आणला. आणि कागद वाचायला लागली. पहिल्या ओळीपासून, बोट ठेवून, सगळा. दोन पानं. मागच्या बाजूला काही आहे का तेही पाहिलं. मी बसून होतो. मग कागदाची घडी घातली आणि माझ्या गुडघ्यावर ठेवली.

"सही नाही करत, दादा."

"का गं?"

"मागची सही तुझ्यासाठी केली. ही पण तू तुझ्यासाठीच आणलीयस."

"माझ्यासाठी? अगं, नाव तुझं लागतंय! सोळा वर्षं तू मनात धरून बसलीस, मला काय कळत नाही होय? नाव खाल्लं मी तुझं. कबूल आहे. म्हणून तर आलोय."

ती माझ्याकडे बघायला लागली. खरंच चकित झाली होती ती, नाटक नव्हतं.

"नावाचा राग आहे असं वाटतं तुला?"

"मग कशाचा?"

ती परातीतल्या बेदाण्यांतून बोटं फिरवत राहिली. डोळ्यांत पाणी आलं होतं, पण आवाज साधा होता, भाजीचा भाव सांगावा तसा.

"मी तेव्हाच म्हटलं असतं, नाव पाहिजे माझं. तर दिवाण म्हणाला असता, बहीण कटकटी आहे, हिला आणू नका. तू पण म्हणाला असतास. म्हणून मुकाट सही केली. तू मला पुढच्याला बोलवशील म्हणून केली रे. नाव गेलं तर गेलं, काम तर राहील. मला स्टुलावर बसायचं होतं तुझ्या शेजारी. दुसरं काही नको होतं." तिनं परात जवळ ओढली. "वर्षभर मी फोन उशाशी घेऊन झोपायची. अभिनंदन चिडवायचे. नंतर चिडवायचे बंद झाले."

सोळा वर्षं मी चुकीचा हिशेब मनात घोळवत होतो. जे मी नेलं म्हणून झुरलो, त्याचं तिला काही नव्हतं. आणि जे तिला हवं होतं ते द्यायला मला कुणाची सही लागत नव्हती. एक फोन लागत होता.

"आता करू," मी म्हणालो. "विहिरीचं करू. आपण दोघं. वीस पानं कुठायत?"

"नाहीत."

"परत लिही."

"आता नाही येत रे," ती म्हणाली. "खोटं नाही सांगत. टीव्हीवर सिनेमा लागला तरी मी आता गोष्ट बघते फक्त. कुठं कापलंय ते दिसत नाही मला. दिसायचं आधी." तिनं एक बेदाणा उचलून बाजूला टाकला. "पोहे टाकते. खाऊन जा."

मी रडलो. चांगला हुंदके देऊन रडलो, चोपन्न वर्षांचा माणूस. ती उठून आली, डोक्यावर हात ठेवला, "उगी, उगी, असं काय करतोस," म्हणाली. समजूत तीच घालत होती. मग मी पोहे खाल्ले.

कोल्हापुरात सिनेमा दाखवला. तिची सही नाही म्हणून पाटी होती तशीच राहिली, माझ्या एकट्याच्या नावाची. सिनेमा संपल्यावर मी माइक घेतला आणि सांगून टाकलं. म्हणालो, हा सिनेमा माझ्या बहिणीचा आहे. सहीचा प्रसंग तिचा, सिनेमाचं नाव तिनं काढलेलं, कुठला शॉट चांगला ते तिला कळायचं, मला नाही. मी तिला लिहून द्यायला लावलं. टाळ्यांचा असा कडकडाट झाला की विचारू नका. एक वयस्कर गृहस्थ पुढं येऊन माझा हात हातात घेऊन म्हणाले, "असा भाऊ मिळायला भाग्य लागतं. सगळं श्रेय बहिणीला देऊन टाकलंत!" मी नाही, नाही म्हणत होतो. जितकं नाही म्हणावं तितका मी त्यांना मोठा वाटत होतो.

त्या दिवशी पोहे खाऊन निघताना राजीनं मला दारातून सांगितलं होतं, "फोन करत जा. पण सिनेमाचं काढू नको."

दर रविवारी सकाळी करतो. ती पहिल्या रिंगला उचलते. तिच्या गुडघ्यांचं बोलतो, पूर्वाच्या कॉलेजचं, या वर्षी बेदाणा काळा पडला त्याचं. सगळं बोलून होतं. मग मी थोडा थांबतो. तीही थांबते. मग ती म्हणते, "बरं दादा, ठेवू?" आणि मी म्हणतो, ठेव.